शॉटनंतरचं हसू

बोब्बिली
शुक्रवार, १६ ऑक्टोबर १९८७

श्रीमती एस्तरम्मा यांना नमस्कार.

काल अक्काचा दहावा झाला. सकाळी सहाला नदीवर गेलो. न्हावी वेळेवर आला. पुरोहितानं सांगितलं तेवढं केलं आणि साडेदहाला घरी परतलो. जेवायला मी आणि बायको, दोघंच. संध्याकाळी शेजारचे चारजण येऊन बसले, तिच्या सिनेमांची नावं आठवत राहिले आणि गेले.

तार तुमच्या नावानं आली म्हणून तुम्हाला लिहितो आहे. तुम्ही अक्काच्या केसांचं काम करत होता, एवढंच मला तुमच्याविषयी माहीत आहे. तेही एका मासिकात वाचलेलं, की तीस वर्षं एकच बाई हेमनंदिनीचे केस बांधते. आमचा पत्ता तुम्हाला कुठून मिळाला ते कळलं नाही.

तार आली तेव्हा आमच्या घराला कुलूप होतं. सहा तारखेला, मंगळवारी, आम्ही पैडितल्ली देवीच्या जत्रेला विजयनगरमला गेलो होतो आणि रात्री मेहुण्याकडे राहिलो. दुसऱ्या दिवशी परतताना बसमध्ये कंडक्टर ड्रायव्हरला म्हणाला, "हेमनंदिनी गेली, ऐकलंस का? आता पडद्यावर मरायचं कुणी?" ड्रायव्हर म्हणाला, "आमच्या म्हातारीनं सकाळी रेडिओ ऐकला तेव्हापासून चूल पेटवलेली नाही. मी उपाशी गाडी चालवतोय." दोघेही नवे होते, मी कोण ते त्यांना माहीत नव्हतं. मी खिडकीबाहेर बघत बसलो. घर उघडलं तर तार दाराच्या आत पडलेली होती. तोवर तुमच्याकडे सगळं उरकलं होतं.

आता मुद्द्याचं लिहितो. १४ सप्टेंबरला मी अक्काला एक पत्र टाकलं होतं. बावीस वर्षांतलं पहिलं. मद्रासला पत्र चार दिवसांत पोचतं, म्हणजे अठराला मिळालं असेल. पेपरात तिच्या शेवटच्या चित्रीकरणाचा फोटो आला आहे. खाली १९ सप्टेंबर अशी तारीख आहे. पांढरी साडी, पिकल्या केसांचा टोप, आणि ती हसते आहे. एवढी आजारी बाई उगाच अशी हसणार नाही. माझा अंदाज असा की आदल्या दिवशी तिनं माझं पत्र वाचलं.

हा अंदाज बरोबर आहे की नाही, एवढं एकच कळवा. बाकी काही विचारण्याचा मला हक्क नाही.

आपला,
पैडिराजू
(निवृत्त गणित शिक्षक)

---

साळिग्रामम, मद्रास
२४ ऑक्टोबर १९८७

मास्तर,

तुमचं पत्र मिळालं. मी नेल्लूरच्या मिशनच्या शाळेत सातवीपर्यंत शिकले, अक्षर समजून घ्या.

तुमचा पत्ता मला पाठ आहे. अम्मा कधी कधी तो म्हणून दाखवायची. गल्ली, विहीर, विहिरीसमोरचं दार, सगळं.

होय, तुमचं पत्र आलं. तिनं वाचलं. फोटो दुसऱ्या दिवशीचाच आहे. तुमचा अंदाज बरोबर आहे.

तुम्ही विचारलं नाहीत, तरी सांगते. मूत्रपिंडं दोन वर्षांपासून निकामी होत चालली होती. तोंडावर सूज असायची. मेकअप करणारा नायर म्हणायचा, "अम्मा, आईच्या भूमिकेला सूज शोभते. गालांत कापूस भरायचे माझे कष्ट वाचले." ती म्हणायची, "मेल्या, माझा आजारसुद्धा तुझ्या सोयीचा आहे." काम मात्र सोडलं नाही. सतरा वर्षांची असताना विजयनगरमच्या नाटक मंडळीतून इथं आली, वीस वर्षं नायिका राहिली, मग ज्यांची नायिका होती त्यांचीच आई झाली. घरी बसून काय करू, म्हणायची.

औषधांनी डोक्यावर केस उरले नव्हते. दर्शनासाठी तिला हॉलमध्ये ठेवायचं होतं. पूर्वी विंचरताना तुटलेले तिचे केस गोळा करून मी एक गंगावन बांधून ठेवलं होतं. तेच लावलं. बायका रांगेतून पुढे जाताना म्हणत होत्या, "केस बघ अजून कसे काळेभोर आहेत." मी मान खाली घातली.

कलाकार संघाचे लोक विचारत होते की अग्नी कुणी मोठ्या नटानं दिला तर कसं, फोटोच्या दृष्टीनं. मी म्हटलं, "तेवीस वर्षं एळुमलैनं तिची गाडी चालवली, शेवटचंही त्यालाच नेऊ द्या." ड्रायव्हर एळुमलैनं अग्नी दिला.

एस्तर

---

बोब्बिली
३ नोव्हेंबर १९८७

श्रीमती एस्तरम्मा,

तुमचं पत्र आलं त्या दिवशी मी पोटभर जेवलो. ते बायकोच्या लक्षात आलं. सन्यासम्मा म्हणाली, "बावीस वर्षं तिचं नाव काढलं की ताट सरकवून उठायचात. आता पेपरातल्या फोटोला चौकट करून आणलीत. ती जिवंत असताना एक ओळ लिहायला हात मोडला होता का?" मी म्हटलं, लिहिली होती, आणि तिला मिळाली. तिनं पदरानं चौकटीची काच पुसली. मग म्हणाली, "तसं असेल तर द्या तो खिळा इकडं," आणि स्वतःच ठोकून दिला.

तुम्ही अंत्यसंस्काराचं लिहिलंत म्हणून मीही एक लिहितो. आमचे वडील वीणा तयार करत. १९६५च्या ऑगस्टमध्ये ते गेले. अक्का विशाखापट्टणहून मोटारीनं आली. मोटार गावात शिरली तशी तिच्यामागून माणसं आली. अंगणात फणसाचं लाकूड होतं, वडिलांनी सात वर्षं सुकवत ठेवलेलं. तिला बघायला लोक त्यावर चढून उभे राहिले. तिरडी दारातून काढता येईना. शेवटी दोन हवालदार बोलवावे लागले. ती बाई असून स्मशानापर्यंत आली, त्यावरूनही नातेवाइकांत कुजबुज सुरू होती. तिथं कुणीतरी सहीसाठी तिच्यापुढे वही धरली. तिनं ती हातानं बाजूला सारली. ती रडत नव्हती, नुसती उभी होती.

मी सगळ्यांसमोर तिला म्हणालो, "रड आता. लोक बघायला आलेत. तुला सवय आहे."

ती रडली नाही. मोटारीत जाऊन बसली. ती आमची शेवटची भेट.

तिचे सिनेमे मी बोब्बिलीत कधी पाहिले नाहीत. पार्वतीपुरमला जाऊन पाहायचो, तिथं मला कुणी ओळखत नाही. तिच्या मरणाचा प्रसंग जवळ आला की उठून बाहेर यायचो. त्यामुळे एकाही सिनेमाचा शेवट मला माहीत नाही.

१४ सप्टेंबरच्या पत्रात मी त्या वाक्याची माफी मागितली होती. दुसरं काही नव्हतं. एक पान होतं, लिहायला मात्र पूर्ण महिना लागला.

एक विचारू का? ते वाचताना ती काही म्हणाली का? तिचे शब्द आठवत असतील तर आहेत तसे लिहा. फार नसले तरी चालेल.

पैडिराजू

---

साळिग्रामम, मद्रास
१३ नोव्हेंबर १९८७

मास्तर,

काही म्हणाली नाही. दोनदा वाचलं आणि उशीखाली ठेवलं. नर्सिंग होममध्ये जातानाही बरोबर घेतलं. शेवटी मी ते तिच्या हाताखाली ठेवलं, ते तिच्याबरोबरच गेलं.

आता हे सोडा. तब्येतीला जपा. मला सध्या काम नाही. डोळ्यांना कमी दिसतं, लिहायला फार वेळ लागतो.

एस्तर

---

बोब्बिली
शनिवार, २१ नोव्हेंबर १९८७

श्रीमती एस्तरम्मा,

आज सकाळी सव्वादहाला पोस्टमन अप्पाराव आला. म्हणाला, "मास्तर, आज तुमचंच अक्षर तुमच्याकडं आलं." ते माझं १४ सप्टेंबरचं पत्र होतं.

पाकीट बंद आहे. मी चिकटवलं तसंच आहे. पुढं मी लिहिलेलं नाव आहे, अप्पलनरसम्मा, आणि खाली घराचा पत्ता. सिनेमातलं नाव मी मुद्दाम घातलं नव्हतं. भाऊ म्हणून लिहीत होतो, म्हणून घरचं नाव घातलं. त्यावर तांबड्या शाईत तमिळमध्ये काही लिहिलं आहे. स्टेशनवरच्या बाबूंना तमिळ येतं, त्यांच्याकडून वाचून घेतलं. "या नावाचं इथं कोणी नाही." मद्रासचा शिक्का १८ सप्टेंबरचा आहे. मधले दोन महिने पत्र कुठं फिरत होतं ते अप्पारावला सांगता आलं नाही.

मी तेहतीस वर्षं गणित शिकवलं. उत्तर चुकलं म्हणून मुलांना मारलं नाही, पण पायऱ्या दाखवायला लावल्या.

उशीखाली काय होतं? हाताखाली तुम्ही काय ठेवलंत? ती कशाला हसली?

पायऱ्या दाखवा.

पैडिराजू

---

साळिग्रामम, मद्रास
३० नोव्हेंबर १९८७

मास्तर,

उशीखाली काही नव्हतं. हाताखालीही मी काही ठेवलं नाही.

पत्र अठरा तारखेला दुपारी आलं. वॉचमन नवा होता. पाकीट घेऊन माझ्याकडे आला आणि म्हणाला, "ही अप्पलनरसम्मा कोण? स्वयंपाकीणबाई का?" त्या घरात हे नाव माझ्याशिवाय कुणाला ठाऊक नव्हतं. मी पाकीट उलटं करून पाठवणाऱ्याचं नाव वाचलं. अम्मा आत झोपली होती. मी त्याला म्हटलं, "लिही, या नावाचं इथं कोणी नाही, आणि पोस्टमनला परत दे."

का म्हटलं ते सांगते. १९६६च्या संक्रांतीला तिनं तुमच्या आईसाठी साडी पाठवली होती. गुलाबी, बारीक जरीच्या काठाची. दुकानात दोन तास बसून निवडली, मी बरोबर होते. पार्सल परत आलं. त्यावर तुमच्या हातचं लिहिलं होतं, "हेमनंदिनी नावाचं आमचं कोणी नाही." स्मशानातलं तुम्ही मला लिहिलंत, हे लिहिलं नाहीत.

स्मशानातलं तिनं मला स्वतः सांगितलं होतं, वर "त्याचं काही फार चुकलं नाही गं" असंही म्हणाली होती. पार्सलचं तिला बोलता आलं नाही. पाच दिवस अन्नाला शिवली नाही. सेट उभा होता, माणसं खोळंबली होती, ती खोलीतून बाहेर आली नाही. सहाव्या दिवशी मी तिला मांडीवर घेऊन चमच्यानं पेज भरवली.

ते अक्षर मी विसरले नव्हते. अठरा तारखेला तेच पुन्हा बघितलं. दुसऱ्या दिवशी तिचा मरणाचा शॉट होता. डॉक्टरांनी बजावलं होतं की मनाला त्रास होईल असं काही कानावर घालू नका. मला वाटलं, पुन्हा तसंच काहीतरी असणार. तुमचंच वाक्य मी तुम्हाला परत पाठवलं. ते करताना मला बरं वाटलं होतं, हेही लिहिते, नाहीतर पायरी राहून जाईल.

आता फोटोचं. आमच्याकडे मरणाचा शॉट संपला तरी कॅमेरा लगेच बंद करत नाहीत. मेलेल्या माणसानं उठून बसायचं आणि भिंगाकडे बघून हसायचं. तसं केलं नाही तर ते मरण अंगाला लागतं असं सगळे मानतात. मी चर्चला जाणारी बाई, पण मीही मानते. तो तुकडा नंतर कापून टाकतात, कुठल्या सिनेमात येत नाही. अम्मा अडतीस सिनेमांत मेली. लोकांना तिचं मरण आवडायचं, म्हणून लेखक मुद्दाम मारायचे. क्षयानं, बाळंतपणात, नदीत, नवऱ्याच्या पायांवर. मी तिच्याकडे लागले तेव्हा ती पंचविशीत होती. असाच एक शॉट झाला आणि तिला काही केल्या हसू येईना. सगळे ताटकळले. तेव्हा ती मला म्हणाली, "एस्तर, माझ्या तम्मुडूची गोष्ट तुला सांगितली होती ना, ती म्हण."

तो धाकटा भाऊ म्हणजे तुम्ही. चार वर्षांचे होता. वीणेच्या कोरून पोकळ केलेल्या घटात डोकं घातलंत आणि ते अडकलं. तुम्ही आत रडत होता आणि रडणं बाहेर सुरात घुमत होतं. तुमचे वडील करवत घेऊन आले आणि आईला म्हणाले, "काय कापू ते एकदा सांग. वीणा की पोरगं?"

मी कॅमेऱ्याच्या मागून तेवढंच म्हणायची. "अम्मा, वीणा की पोरगं?" आणि ती हसायची. प्रत्येक मरणानंतर. तुमच्या पार्सलनंतरच्या मरणांतही.

एकोणीस तारखेला मी म्हटलं. ती हसली नाही. कॅमेरा चालू होता. ती माझ्याकडे बघून म्हणाली, "त्याचे केस पिकले असतील गं आता." आदल्या दिवशी पाकीट माझ्या हातात होतं. डायरेक्टर म्हणाला, "अम्मा, थोडं हसा, सगळे थांबलेत." मग तिनं दात दाखवले. पेपरवाल्यानं तेच टिपलं. खरं हसली की तिचा उजवा डोळा मिटायचा. फोटोत दोन्ही उघडे आहेत. तुम्ही भाऊ आहात, तुम्हाला दिसायला हवं होतं.

सतरा दिवसांनी ती गेली. तुम्ही विचारलंत तेव्हा मला वाटलं, ती तर गेली, आता याला तरी बरं वाटू दे. आणि माझी चोरी झाकली जात होती.

मी ते पाकीट आत नेऊन दिलं असतं तर त्या दिवशी मला काही म्हणावं लागलं नसतं. ती आपण होऊन हसली असती. हे मी कुणाजवळ बोललेले नाही.

तुम्हाला जे म्हणायचं असेल ते म्हणा.

एस्तर

---

बोब्बिली
शुक्रवार, ११ डिसेंबर १९८७

श्रीमती एस्तरम्मा,

तुमचं पत्र शनिवारी मिळालं. दोनदा वाचलं. राग आला. तीन दिवस मी तुम्हाला मनातल्या मनात पत्र लिहीत होतो. ते लिहिण्यासारखं नव्हतं.

पार्सलचं मी तुम्हाला सांगितलं नाही, कारण ते कुणालाच सांगितलेलं नाही. पोस्टमन पार्सल घेऊन आला तेव्हा आई मागच्या अंगणात होती. मी दारातच नाव लिहून ते परत केलं. आईनं ते पाहिलं नाही. त्यानंतर चार महिन्यांनी ती गेली. अंथरुणाला खिळली होती तेव्हा तिनं विचारलं, "नरसानं या संक्रांतीला काही धाडलं नाही का रे? दरसाल धाडते." मी म्हटलं, नाही. आई म्हणाली, "कामात असेल." आई गेल्याचंही मी अक्काला कळवलं नाही. तिला कुठून तरी कळलं असेल, किंवा नसेल. तुम्हाला माहीत असेल, पण मला सांगू नका.

सन्यासम्माला यातलं काही माहीत नाही. असतं तर तिनं तो खिळा ठोकला नसता.

तुम्ही ते पत्र घाबरून परत पाठवलंत. मी पार्सल परत केलं ते कुणाला घाबरून नव्हे. पायऱ्या मांडल्या तर पहिली चूक माझीच निघते. तरीही तुम्हाला माफ केलं असं मी लिहीत नाही. लिहायला बसलो होतो, पण ते अजून खरं नाही. तुम्ही तिला पेज भरवलीत, तेही खोटं नाही.

फोटोतला डोळा मला दिसला होता. पहिल्याच दिवशी. छपाई खराब असेल असं मी ठरवलं. भिंतीवरून तो आता काढला आहे.

वीणेच्या गोष्टीत एक दुरुस्ती आहे. डोकं मी घातलं नव्हतं. अक्का तेव्हा सात वर्षांची होती आणि राजाराणीचं नाटक खेळत होती. मी राजा होतो. तो घट तिनं मुकुट म्हणून माझ्या डोक्यावर दाबून बसवला. घट कापून मला बाहेर काढल्यावर वडिलांनी मला मारलं. चार महिन्यांचं काम वाया गेलं होतं. मी तिचं नाव सांगितलं नाही. तिनं तुम्हालाही सांगितलेलं दिसत नाही. सांगितलं असतं तर ती दर वेळी कशाला हसली हे तुम्हाला कळलं असतं. मलाही आता नेमकं कळत नाही.

केस पिकले नाहीत, गेले. उरले होते ते दहाव्याला न्हाव्यानं काढले. हे तिला सांगायचं होतं, पण आता ऐकायला तुम्हीच आहात.

ते पत्र सोबत ठेवतो आहे. उघडलेलं नाही. एकदा पोस्टात टाकल्यावर ते माझं राहिलं नाही, म्हणून मी ते उघडू शकत नाही. त्या घरात त्या नावाची बाई होती हे माहीत असलेल्या तुम्ही एकट्याच उरला आहात. वाचायचं असेल तर वाचा. नसेल वाचायचं तर काय करायचं ते तुम्ही ठरवा. मला कळवण्याची गरज नाही.

इथं आता पहाटे थंडी पडते. सन्यासम्मा तिच्या भावाकडे गेली आहे, रविवारी येईल. तोवर स्वयंपाक मीच करतो. उद्यासाठी कुळीथ निवडून भिजत घालायचे आहेत. यंदाच्या कुळथात खडे फार आहेत आणि दुपारनंतर मला ते दिसत नाहीत. पाकीट चिकटवतो, आणि सूप घेऊन दाराशी उजेडात बसतो.

पैडिराजू